बैलाखालचा हत्ती

सुके, तुझ्या शोकसभेत सगळे तुझ्याबद्दल चांगलंच बोलले आणि मी मागच्या खुर्चीवर बसून जळत होती. हे पहिल्याच ओळीत लिहून टाकते, नंतर हिंमत होईन का नाही भरोसा नाही. काकाजी रडले वं. भाव करणाऱ्या बायांसमोर पण ज्यांचा आवाज चढत नाही ते काकाजी रुमाल तोंडाले लावून रडले, आणि माझ्या डोक्यात काय आलं माहीत आहे? मी मेली असती तर हे इतके रडले असते का. उत्तर पण मीच देऊन टाकलं मनात. नसते रडले.

मग बाहेर येऊन चपला शोधत होती तर काकाजीच मागून आले. म्हणे, आपण सुकेशनीच्या आठवणीत छोटीशी पुस्तिका काढू, तू लिही, तू तिच्या सगळ्यात जवळची. जवळची तर होतीच. जळायले जवळच राहावं लागते, दूरच्यावर कोण जळते. तुझा जन्म, गाव, नरखेड तालुका, शिक्षण, हे सगळं मागच्या पानावर छापून येणार आहे, ते मी लिहीत नाही. तापाचे आठ दिवस पण लिहीत नाही. मले तुझ्याशी बोलायचं आहे, आणि जे बोलायचं आहे ते तुले माहीत आहे. मले वाटायचं तुले माहीत नाही. आता कळलं की तुले पहिल्या मिनटापासून माहीत होतं.

थांब, पुस्तिका वाचणाऱ्यायले आधी सांगावं लागन आपण कोण ते. काकाजीचं इतवारीच्या बाजारात भांड्याचं दुकान. लोक जुने तांब्या-पितळेचे भांडे मोडीत देतात, त्याच्या पोत्यात कधी कधी एखादं जुनं नाणं निघते. कोणाच्या गाठोड्यातलं, कोणाच्या नांगराले लागलेलं, दोन हजार वर्षांचं नाणं तांब्याच्या भावानं काट्यावर चढून येते. काकाजी ते विकत नाही. पांढऱ्या कागदाच्या पाकिटात टाकतात, पाकिटावर धातू, वजन, कुठून आलं, आणि सगळ्यात खाली एक ओळ: पहिलं वाचन. हे नाणं काय आहे हे ज्यानं आधी ओळखलं त्याचं नाव त्या ओळीत. एकदा लागलं की लागलं, आपल्याकडं खोडत नाही. दुकानावरच्या खोलीत शनिवारी दुपारी आठ-दहा जण जमतो. नाणं एका छोट्या उशीवर ठेवून हातोहात फिरते, पडलं तर उशीवर पडावं म्हणून. सगळ्यात नवीन माणूस आधी बोलते आणि काकाजी सगळ्यात शेवटी, म्हणजे मोठ्याचं ऐकून कोणी पोपटासारखं बोलणार नाही. तू माझ्यापेक्षा एक आठवडा उशिरा आली. म्हणून प्रत्येक शनिवारी उशी आधी तुझ्याकडं आणि मग माझ्याकडं. त्या एका आठवड्याले मी किती शिव्या घातल्या असतीन.

तुझा पहिला शनिवार मले आजही जसाच्या तसा आठवते. मी तेव्हा फुल तयारीत होती, लायब्ररीतून इंग्रजी पुस्तक आणलेलं, सातवाहन, त्यायचा व्यापार, जहाजं, सगळं पाठ. तू आली ते एसटीची धूळ अंगावर घेऊन, पिशवीत मोसंब्या. उशी तुझ्याकडं आली. तू नाणं उचललं आणि हुंगलं. मले हसू आलं, मी दाबलं पण नाही.

"याच्यात शिसं आहे, बहुत आहे," तू म्हणली.

"कशावरून वं पोरी?" काकाजी.

"हाताले तांब्यापेक्षा जड लागते. आणि वास. बाबाच्या दुकानात शिशाचा डाख लागलेलं तांबं येते ना, ते असंच वास मारते."

तुझे बाबा विहिरीवरच्या जळालेल्या मोटरींचं वाइंडिंग करतात हे मले त्या दिवशी कळलं. तू लहानपणापासून तांब्याच्या तारेत बसून अभ्यास केला. मग उशी माझ्याकडं आली आणि मी बोलली, दहा मिनटं बोलली, राजे, बंदरं, रोमन सोनं, काही सोडलं नाही. काकाजीनं मान हलवली आणि म्हणले, "बरोबर आहे बेटा, पुस्तकात असंच आहे." आणि पाकिटावर धातूच्या पुढं 'तांबं' खोडायच्या ऐवजी त्याच्या बाजूले 'शिसं जास्त' लिहून तुझ्याकडं पाहून हसले. मी मोसंबी सोलली नाही तुझी. घरी नेऊन फ्रिजमध्ये ठेवली, आईनं खाल्ली.

एम.ए. ले माझे मार्क जास्त होते, सुके. तुले माहीत होतं, मले माहीत होतं, तिसऱ्या कोणाले काही पडली नव्हती. त्या खोलीत मार्क कोण विचारते. तिथं फक्त पाकिटं. तुझ्या नावाची पाकिटं काकाजीच्या पेटीत वाढत चालली आणि माझ्या नावाचं एक नाही. मी घरी बसून तुझी पाकिटं मोजत होती म्हटलं तर तू हसशील. हसायची तू अशी, वरचा ओठ दातावरून सरकवून, आणि मग समोरच्याले राग धरताच यायचा नाही. मले त्या हसण्याचा पण हेवा होता. लिहून टाकते, आता काय.

तुले ते चांदीचं चौकोनी नाणं आठवते का, कोपरे कापलेलं? राजाबिजा कोणी नाही त्याच्यावर, नुसते ठसे, सूर्य, डोंगर, झाड. मी पुढची बाजू पाहून भराभर सांगून राहिली होती आणि तू ते उलटं केलं. मागं बारीक बारीक ठसे, नखाएवढे पण नाही. काकाजीनं सांगतलं, नाणं बाजारात हाताहातातून जायचं तेव्हा तपासणारे लोक आपला आपला छोटा ठसा मारून द्यायचे, की पाहिलं, चांदी खरी आहे, पुढं चालू द्या.

मी म्हणली, "म्हणजे कोणाचाच कोणावर भरोसा नव्हता."

तू म्हणली, "काहून वं? दहा जणायनं खरं म्हणून सांगतलं, हाच तर भरोसा आहे."

बस. इतकंच बोलली. खोलीतले सगळे तुझ्याकडं पाहायले लागले आणि मले वाटलं, हे मले काहून नाही सुचलं. मी त्या नाण्यावर सतरा पानं वाचली होती वं.

खरं सांगते, मी तुझ्यावर जळत होती तेवढीच तुझ्यासाठी शनिवारची वाट पण पाहायची. शुक्रवारी मेसेज टाकायची, येऊन राहिली ना? तू म्हणायची, हाव, बस भेटली तर. आणि बस नाही भेटली तर माझा शनिवार बेकार. हे दोन्ही एकाच डोक्यात कसं राह्यते मले माहीत नाही.

रामटेकले गेलो होतो ते तुले आठवत असन. आपल्या दोघींचं खरं भांडण तिथून सुरू झालं. त्या भागात वाकाटक राजायची राजधानी होती, त्यायचे ताम्रपट भेटतात, कोणाले गाव दिलं, कोणाले जमीन दिली, सगळं तांब्याच्या पत्र्यावर कोरून. पण त्यायची नाणी म्हणशील तर फारच थोडी, आणि जी आहेत त्याच्यावर पण जाणकार भांडतात की ती त्यायचीच का. मग तेव्हा बाजार कसा चालायचा? आपण गडावरून उतरून खाली धानाच्या बांधावर बसलो होतो, तू डब्यातली भाकर काढली.

मी म्हणली, "नवीन राजा आला की जुने पैसे बंद. नोटबंदी पाहिली ना आपण? राजाचा शब्द गेला की नाण्याचं नुसतं तांबं राह्यते."

तू म्हणली, "मग मीठ कायनं घेत होते?"

"धान देऊन. कवड्या देऊन."

"आणि घरात जुनी नाणी पडली होती ती?"

"ती वितळवली असन."

"सगळ्यायनं? एवढे लोक इतके शहाणे होते?" तू भाकर मोडत म्हणली. "राजानं ताम्रपट दिला असन वं कोण्या भटजीले. पण बाईले मीठ पाहिजे ना. ती ताम्रपट घेऊन जाईन का मीठवाल्याकडं? जुन्या राजाचं नाणं घेऊन जाईन, आणि तो घेईन, कारण त्याले पण कुठं तरी चालवायचंच आहे."

"पुरावा दाखव."

"भेटन," तू म्हणली. किती आरामात म्हणली. जसं बस येईन, तसं.

माझा राग याच्यावरच होता. माझ्याकडं पुस्तकं होती, तुझ्याकडं खात्री. आणि पुढचे कितीक शनिवार आपण तेच भांडण भांडलो, जिन्यात, बसस्टॉपवर, फोनवर. तू मले 'राजाची वकील' म्हणायची. मी तुले 'मीठवाली'. काकाजी म्हणायचे, चाला, वकीलीणबाई आणि मीठवाली आल्या.

आता ते नाणं.

त्या दिवशी शनिवार नव्हता. आपण दोघीच वरती मोडीतले भांडे निवडत होतो, काकाजी खाली गिऱ्हाइकापाशी. तू फुटक्या घंगाळाच्या तुकड्यातून एक छोटं नाणं काढलं, हिरवंगार, बटणाएवढं. वर बैल दिसत होता, तो तर मले पण दिसला. तू ते खिडकीच्या उन्हात धरून तिरपं केलं, थोडं फिरवलं, परत तिरपं केलं. मग डोळ्यापाशी आणलं.

"काय वं?" मी.

"याच्या खाली हत्ती आहे."

"कुठं?"

"ही पाठ. ही पाहा सोंड." तू नखानं दाखवलं, न टेकवता, बैलाच्या पोटाखाली डावीकडं. "हत्तीच्या नाण्यावर बैल मारला आहे कोणी. जुनं नाणं घेऊन त्याच्यावरच नवा छाप."

वाचणाऱ्यायसाठी सांगते. हत्ती हा आपल्याकडच्या सातवाहनांच्या नाण्यांवर सापडते, बैलाचं नाणं त्यायच्या मागून आलेल्या कोण्या राजाचं. हत्तीवर बैल, म्हणजे नव्या राजाच्या वेळी जुनी नाणी लोकायच्या हातात खेळतच होती आणि राजानं तीच घेऊन वर आपला छाप मारला. म्हणजे मीठवाली बरोबर. म्हणजे वकीलीण चूक.

मी नाणं घेतलं, उन्हात धरलं, तुझ्यासारखंच तिरपं केलं. मले काही दिसलं नाही. हिरवं आणि बैल. मोबाईलनं फोटो काढला, मोठा करून पाहिला, त्यात तर बैल पण नाही, नुसता हिरवा ठिपका. तू मागं उभी राहून "थोडं डावीकडं कर, हां, आता," असं सांगून राहिली होती, आणि मले दिसतच नव्हतं वं. डोळ्यात पाणी आलं तिरपं पाहून पाहून.

"दिसलं?"

"हाव," मी म्हणली. पहिलं खोटं ते.

तू म्हणली, शनिवारपर्यंत काकाजीले पण सांगायचं नाही, उशीवरच ठेवू. आणि वजन करायचा छोटा काटा माझ्याकडं होता, मीच घेतला होता मोठ्या हौसेनं, नाण्यांचं वजन मी घरी करून आणायची. म्हणून तूच ते पाकिटात टाकून माझ्या हातात दिलं. "नीट ने," म्हणली.

काकाजीचा पहिला धडा काय, तर नाणं धुवायचं नाही. हिरवं म्हणजे मळ नाही, ती नाण्याची कातडी आहे, त्याच्यातच सगळं असते. हे मले तुझ्या एक आठवडा आधी शिकवलेलं होतं.

हुडकेश्वरले घरी आली तर आई अंगणात देवाचे तांब्याचे भांडे घेऊन बसलेली, चिंचेचा कोळ आणि मीठ लावून घासून राहिली होती. तांब्या एका हातानं फिरवायची आणि काळा तांब्या लाल होत यायचा. दुपार होती. आई मधात उठली, फोन आला म्हणून आत गेली. मी पाकीट उघडलं आणि नाणं कोळात टाकलं.

मले हत्ती पाहायचा होता. मी स्वतःले हेच सांगतलं की वरचं हिरवं थोडं निघालं तर मले पण दिसन, आणि मग शनिवारी मी पण म्हणू शकीन की मीपण पाहिला. पण सुके, मी अंगठ्यानं घासलं. दिसायसाठी इतकं कोण घासते. मले हत्ती पाहायचा होता का पुसायचा होता, हे मले आजही नक्की सांगता येत नाही, आणि आता तू नाही तर विचारू कोणाले.

बैल बाहेर आला चकचकीत, शिंगं, वशिंड, सगळं. खाली काही नव्हतं. काहीच नव्हतं. मग मी घाबरली, त्याले खोबरेल आणि राख लावली, उन्हात ठेवलं, परत लावली. काळपट झालं पण हिरवं कुठून येईन.

शनिवारी उशी तुझ्याकडं आली. मी तुझ्या हाताकडं पाहूनच राहिली होती. तू नाणं उचललं, नेहमीसारखं नाकाजवळ नेलं. नंतर उन्हात धरलं पण नाही. माझ्याकडं पाहिलं पण नाही. उशीवर ठेवून म्हणली, "माझी फेरी सोडा काकाजी. मले काही सांगता येत नाही."

खोलीत सगळ्यायले आश्चर्य वाटलं. तू कधी फेरी सोडली नव्हती. काकाजी म्हणले, "मोडीत हे असं घासलेलंच आलं का?"

"हाव, असंच होतं," मी म्हणली. तू माझ्या बाजूले बसली होती. तुझा कोपरा माझ्या कोपऱ्याले लागत होता.

मग मी बोलली. बैल, वशिंड, त्याच्यासारखी नाणी कुठं कुठं भेटली, कोण वाकाटकांचं म्हणते, कोण नाही म्हणते. चांगली बोलली वं, त्या दिवशी खरंच चांगली बोलली. काकाजीनं पेन काढलं आणि 'पहिलं वाचन' पुढं माझं नाव लिहिलं. माझं पहिलं पाकीट. सगळ्यायनं टाळ्या वाजवल्या, तूपण वाजवल्या.

जिना उतरताना मी वाट पाहत होती की आता बोलशीन, आता बोलशीन. तू म्हणली, "वजन किती भरलं?"

मी सांगतलं.

"हं," तू म्हणली. मग म्हणली, "चाल लवकर, माझी बस सुटन."

त्याच्यानंतर इतके महिने आपण भेटलो, भांडलो, पोहे खाल्ले, तू मले मोसंब्या आणल्या. बैलाचं नाव तू एकदा पण काढलं नाही. मीठवालीचं भांडण पण तू हळूहळू सोडून दिलं, आणि मले वाटलं मी जिंकली. कितीदा वाटलं सांगून टाकावं. मग वाटायचं, ही कोणाले बोलली नाही म्हणजे हिले समजलंच नसन. मग वाटायचं, समजलं असन तर बोलत काहून नाही, स्वतःले मोठी समजते का. तू मले सगळ्यायसमोर खोटी पाडली असती तर मी रडली असती, चार शनिवार आली नसती, आणि मग आपण बरोबरीत आलो असतो. तू मले बरोबरीत येऊच दिलं नाही. पाकिटं तुझी, डोळा तुझा, आणि चूप राहण्याचं मोठेपण पण तुझंच.

मागच्या आठवड्यात मी तुझ्या गावाले गेली. शोकसभेत तुझ्या बाबाशी बोलणं झालं नव्हतं. दुकानात बसले होते, समोर उघडलेली मोटर, तारेचं भेंडोळं. काम करून नव्हते राहिले, नुसतं तार हातात धरून होते. मले पाहून म्हणले, "ये पोरी. सुकीची शनिवारवाली ना तू?"

चहा आला. तेच बोलायले लागले.

"लय डोकं खाये माहं ते तांब्याच्या पायी. एक डाव तर आठ दिवस एकच धरून बसली. म्हणे, बाबा, चिंचेनं घासलेलं तांबं पुन्हा होतं तसं हिरवं करता येते का. मी म्हटलं, येते ना, ओलीत ठेव, मीठ टाक, हिरवं होते. पण ते नवं हिरवं होईन म्हटलं. जुनं गेलं ते गेलं."

"मग?" मी विचारलं.

"मग काय, मानेचना. तारेचे तुकडे घासे, मिठाच्या पाण्यात टाके, मातीत पुरे, रोज उकरून पाहे. तिची माय बोले तिले, हे काय खेळून राहिली. मी इचारलं, काहून वं, कोणाचं घासल्या गेलं? तं म्हणे, आहे एका पोरीचं. चुकून झालं तिच्यानं." तुझ्या बाबानं माझ्याकडं पाहिलं, साधंच पाहिलं, त्यायले काही माहीत नव्हतं. "तुले मालूम आहे का, कोणती पोरगी होती ते?"

मी म्हणली, "मीच काकाजी." तुझ्या बाबाले पण काकाजीच म्हणते मी.

ते तारेले पीळ देत राहिले थोडा वेळ. मग म्हणले, "चहा पेऊन घे, थंडा होते."

चुकून झालं तिच्यानं. सुके, तू असं म्हणली. आठ दिवस माझ्यासाठी मातीत तारा पुरत होती तू, आणि मी त्या आठ दिवसांत माझ्या पाकिटाचा फोटो स्टेटसले ठेवला होता. बसमध्ये खिडकीपाशी बसून परत येताना मले रडू आलं, आणि रडता रडता पण, मी खोटं काहून बोलू, पण हेच आलं मनात की याच्यात पण हीच पुढं गेली.

या शनिवारी मी बैठकीत उशी फिरायच्या आधीच बोलली. उभी राहून बोलली. मी म्हणली, "काकाजी, बैलाच्या पाकिटावरचं माझं नाव काढा आणि सुकेशनीचं टाका. त्याच्या खाली हत्ती होता. तिनं पाहिला होता. मी चिंचेनं घासला."

सगळं सांगतलं, अंगणातलं, राखेचं, 'असंच होतं' म्हणलं ते. एकानं विचारलं, फोटो असन ना मोबाईलमध्ये? मी दाखवला. हिरवा ठिपका हातोहात फिरला, उशीशिवाय.

काकाजीनं पेटीतून पाकीट काढलं, नाणं काढलं, भिंग लावलं, खिडकीत गेले. बराच वेळ पाहिलं. आम्ही सगळे त्यायच्या पाठीकडं पाहून राहिलो होतो. मले वाटत होतं त्यायले दिसन. देवा, दिसू दे, एवढीशी सोंड तरी.

"नाही," ते म्हणले.

"होता काकाजी. ती खोटं बोलत नव्हती."

"नसन बोलत बेटा. पण नाण्यात जे दिसत नाही ते पाकिटावर जात नाही. तिले विचारलं असतं तर तिनं पण हेच म्हटलं असतं."

"मग माझं नाव तरी खोडा."

"आपण खोडत नाही, तुले माहीत आहे." त्यायनं पाकीट पालथं केलं, मागची कोरी बाजू वर, आणि पेन माझ्याकडं दिलं. "नुकसान कशानं झालं आणि कोणाच्या हातानं, ते लिही. तुझ्या अक्षरात लिही."

मी लिहिलं. चिंच, मीठ, खोबरेल, राख. माझं नाव. त्या एका पाकिटावर दोन्हीकडून मीच आहे आता, आणि तुझं नाव कुठंच नाही. तुले काय वाटलं असतं माहीत नाही. मले वाटलं होतं की सांगतलं की तुझं तुले परत जाईन. काहीच गेलं नाही. जे द्यायचं होतं तेच मी आधी पुसून बसली होती.

काकाजी म्हणले, काटा इथंच ठेव, यापुढं नाणी घरी नेऊ नको. मी हाव म्हणली. मग सगळे उतरले, मी पण उतरायले लागली तर त्यायनं थांबवलं. डोळे लाल होते, पण आवाज तोच, भांड्याचा भाव सांगतात तसा. म्हणले, "पाकिटाले नियम आहे. पुस्तिका तुझी आहे, तिथं काय लिहायचं ते तू पाहा."

म्हणून इथं लिहून राहिली, सुके. इतवारीत मोडीत आलेल्या एका छोट्या तांब्याच्या नाण्यावर बैलाच्या छापाखाली हत्तीचा छाप होता. तो सुकेशनीनं पाहिला. मी नाही पाहिला, मी पाहिला म्हणून खोटं सांगतलं, आणि मग घासून टाकला. रामटेकच्या बांधावर ती जे म्हणली की राजा बदलला तरी बाया मीठ जुन्याच नाण्यानं घेत असतीन, त्याचा पुरावा तिच्या हातात आला होता आणि तिनं तो भरोशानं माझ्या हातात दिला होता. कोण्या जाणकारानं याले मानू नये, पुरावा नाही. पण झालं असं आहे.

काल मी काकाजीले मागून ते नाणं परत पाहिलं, तिथंच खिडकीत बसून, त्यायच्या समोर. तू सांगतलं होतं तसं केलं. तिरपं, थोडं डावीकडं, हां, आता. मले माहीत आहे तिथं काही नाही, तरी पाहिलं. सातवाहनांच्या हत्तींमध्ये कोणाची सोंड वर असते, कोणाची खाली, आणि त्याच्यावरून पुष्कळ काही ठरते. तू नखानं दाखवलं तेव्हा हे मी विचारायले पाहिजे होतं. मी विचारलं नाही, कारण मी दिसते म्हणून सांगतलं होतं, आणि ज्याले दिसते तो असं विचारत नाही.

तो हत्ती पाहणारी तू शेवटची होती. आता जगात कोणी त्याले पाहू शकत नाही, काकाजी नाही, कोणी मोठा प्रोफेसर नाही, मी तर नाहीच. तेवढं एक तू सोबत घेऊन गेली आणि मी इथं खिडकीत बसून त्याच्यावर पण जळून राहिली आहे. सोंड वर होती का खाली, सुके?